केस मधूनच तुटतात तेव्हा : गोव्यात नव्याने राहायला आलेल्यांसाठी

पुण्या-नाशकाकडून नोकरीसाठी किंवा लग्न होऊन गोव्यात आलेल्या बायका पहिला पावसाळा संपला की खुर्चीत बसता बसताच सांगतात, "इथलं पाणी लागलं, केस गळायला लागलेत." मी फोंड्यात पार्लर चालवते. हे वाक्य ऐकलं की मी आधी केसांची टोकं हातात घेते, मुळांकडे नंतर बघते. कारण यांतल्या पुष्कळ जणींचे केस गळत नसतात, मध्येच तुटत असतात. गळण्याचं कारण बहुतेकदा टाळूच्या खाली, शरीरात असतं. तुटण्याचं कारण बहुतेकदा बाहेर असतं: फणीत, पंच्यात, रबरात, हेल्मेटात. कांद्याचं तेल, गोळ्या, सीरम असं जे काही गळतीवर म्हणून विकलं जातं, त्याचा तुटणाऱ्या केसाला काडीचा उपयोग नाही. आणि गोव्याचं पाणी बिचारं बऱ्याचदा निर्दोष असतं.

लांब केस ठेवणाऱ्या मुलांनीही पुढचं वाचावं. हल्ली पणजीत ते कमी नाहीत.

पहिलं काम : पडलेला केस उचलून बघा

न्हाणीघराच्या जाळीवर अडकलेले, फणीतले आणि उशीवरचे केस एका पांढऱ्या कागदावर ठेवा आणि खिडकीपाशी जा. मोबाइलचा कॅमेरा मोठा करून बघितलं तरी चालेल.

गळलेला केस पूर्ण लांबीचा असतो आणि त्याच्या एका टोकाला पांढरट, बारीक गाठ दिसते. ती बघून "मूळच उपटून आलं" म्हणून घाबरू नका. तो केस आपलं आयुष्य संपवून पडलाय, मूळ जागेवरच आहे आणि तिथून नवा येतो. दिवसाला ५० ते १०० केस असे पडणं नेहमीचं आहे. आठवड्यातून दोनदाच डोकं धूत असाल तर मधल्या दिवसांचे पडायचे केसही त्याच दिवशी हातात येतात, म्हणून ढीग मोठा दिसतो.

तुटलेला केस आखूड असतो, कधी दोन बोटं, कधी वीतभर, आणि गाठ कुठल्याच टोकाला नसते. एक टोक बोथट किंवा फाटलेलं असतं. कागदावर असे तुकडे जास्त असतील तर हा लेख तुमच्यासाठी आहे. पांढऱ्या गाठीचे लांब केस मूठभर निघत असतील तर शेवटच्या भागाकडे जा आणि डॉक्टरांना भेटा.

आता डोक्यावरचाच एक केस दोन बोटांत धरून उजेडात न्याहाळा. मध्येच पांढरे ठिपके दिसतात का? पुष्कळ जणी ते बघून लिखा समजतात आणि घरभर उवांच्या औषधाचा धुमाकूळ घालतात. लीख केसाच्या एका बाजूला चिकटलेली असते आणि नखाने ओढल्याशिवाय सरकत नाही. कोंडा झटकला की पडतो. हे ठिपके मात्र केसातच असतात: तिथलं वरचं आवरण निघून आतले धागे फुटून बाहेर आलेले असतात. त्या जागी केस हलकेच वाकवला तर तिथेच तुटतो. डॉक्टर याला ट्रायकोऱ्हेक्सिस नोडोसा म्हणतात. नाव भीतीदायक असलं तरी बहुतेकांत ती नुसती झिजेची खूण असते.

भांगाजवळ उभे राहणारे आखूड केस नवे की तुटलेले, हाही प्रश्न नेहमी येतो. नव्या केसाचं टोक निमुळतं होत गेलेलं असतं, तुटलेल्याचं बोथट. नवे असतील तर आनंद माना आणि त्यांना जेल लावून दाबत बसू नका.

दुसरं काम : कुठे तुटतोय ते शोधा

याच पायरीवर सगळा उलगडा होतो आणि हीच पायरी लोक गाळतात.

केस महिन्याला साधारण १ सेंटीमीटर वाढतो. म्हणजे कमरेपर्यंतच्या, ६० सेंटीमीटर लांबीच्या केसाचं टोक पाच वर्षांचं आहे. या पाच वर्षांतलं प्रत्येक ऊन, प्रत्येक रंग, प्रत्येक ओढाताण त्याने सोसलेली आहे. टाळूच्या बाहेर आलेला केस जिवंत नसतो, त्याला रक्त पोचत नाही, त्यामुळे तो बरा होत नाही. त्यावर कौलारू छपरासारखे एकावर एक चढलेले पातळ पापुद्रे असतात, त्यांची उघडी कड टोकाकडे. आतला मजबूत भाग केराटिन या प्रथिनाच्या धाग्यांचा. कौलं निघाली की आतला धागा उघडा पडतो आणि मग तो फाटायला वेळ लागत नाही. निघालेलं कौल परत बसत नाही. म्हणून झीज कुठे होते आहे ती जागा सापडली पाहिजे.

फक्त टोकं फाटलेली असतील तर ते वय आहे. कापून टाका, बाकी काही करू नका.

रोज जिथे रबर किंवा क्लचर लागतो त्याच उंचीवर आखूड केसांचा पट्टा दिसत असेल तर बांधणीचा दोष. मानेवरचे, खालच्या थरातले केस तुटत असतील तर हेल्मेटचा पट्टा, शर्टाची कॉलर, खांद्यावरच्या पिशवीचा बंद यांच्याकडे संशयाने बघा. खालचे केस आरशात दिसत नाहीत, म्हणून तिथली तूट सर्वांत उशिरा लक्षात येते. मैत्रिणीला फोटो काढायला सांगा. कपाळाच्या कडेला आणि कानांवर तुटत असतील तर घट्ट ओढून बांधणं किंवा इस्त्रीसारखं फिरवलेलं स्ट्रेटनर.

एका ठरावीक रेषेवर, जिथे नवा नैसर्गिक केस संपतो आणि जुना रिबॉण्डिंग केलेला, म्हणजे रसायनाने सरळ केलेला, सुरू होतो, तिथे तुटत असेल तर उत्तर स्पष्ट आहे. ती रेषा टाळूपासून किती सेंटीमीटरवर आहे ते मोजा. तितक्या महिन्यांपूर्वी काय केलं होतं ते आठवा. लग्नाची तारीख हमखास जुळते.

आणि सगळीकडेच, कुठल्याही उंचीवर तुटत असेल तर ब्लीच, रोजची उष्णता, तरणतलाव, नाहीतर शरीरातलं काहीतरी.

न्हाण्याचा दिवस

सर्वांत जास्त केस इथेच तुटतात, म्हणून इथे जरा थांबू.

कोरडा केस ओढला तर तग धरतो, ओला झाला की लवचीक होतो आणि कमजोरही. पाणी आत शिरलं की केराटिनच्या धाग्यांना धरून ठेवणारे हायड्रोजनचे बंध सुटतात. ओला केस आपल्या लांबीच्या साधारण ३० टक्के ताण सहन करतो. त्यापुढे ओढला तर तो पूर्ववत होत नाही, आणि आणखी ओढला तर तुटतो. फणी अडकल्यावर आपण जो हिसका देतो तो ३० टक्क्यांच्या पलीकडे सहज जातो. शिवाय केस पाण्याने फुगतो, सुकला की आकसतो. हे वारंवार झालं की वरचे पापुद्रे उचकटतात. गोव्यात जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत ३००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि हवा इतकी दमट की सकाळी धुतलेले जाड केस दुपारपर्यंत आतून ओलेच. नव्याने आलेल्यांचे केस पहिल्या पावसाळ्यानंतर खराब दिसतात त्यामागे बऱ्याचदा हेच: पुण्यात तासाभरात सुकणारे केस इथे ओलेच बांधून ऑफिसला जायची सवय.

आता क्रम सांगते.

धुण्याआधी गुंता सोडवा. गुंता घेऊन डोक्यावर पाणी ओतलं की त्याची गाठ होते.

मग तेल. खोबरेल तेल गोव्यात कुणाला शिकवायला नको, पण ते केसाला का चालतं हे माहीत असावं. २००३ साली प्रसिद्ध झालेल्या भारतीय संशोधकांच्या अभ्यासात खोबरेल, सूर्यफूल आणि खनिज तेल यांची तुलना होती. धुताना केसातून निघून जाणारं प्रथिन कमी करण्यात फक्त खोबरेल यशस्वी ठरलं. त्यातल्या लॉरिक आम्लाचा रेणू लहान आणि सरळ असल्याने तो केसाच्या आत शिरतो, आणि मग पाणी कमी शोषलं जाऊन केस कमी फुगतो. म्हणून तेल धुण्याच्या आधी लावायचं, आदल्या रात्री किंवा निदान दोन-तीन तास. घाण्याचं साधं खोबरेल पुरे. खांद्यापर्यंतच्या केसांना एक-दोन चमचे, आणि ते लांबीला, विशेषतः टोकांना. तुटणाऱ्या केसासाठी टाळूवर चोळण्याची गरज नाही. कोंडा असेल तर टाळूला तेल नकोच, कोंड्याशी संबंधित बुरशी तेलावरच पोसते. माहेरच्या आजीचा डोक्यावर तेल थापायचा हट्ट असेल तर तिला दुखवू नका, पण उरलेलं केसांच्या शेपट्याला लावून घ्या.

शाम्पू फक्त टाळूला, बोटांच्या पेरांनी. खाली वाहणारा फेस केसांना पुरतो. सगळे केस डोक्यावर गोळा करून कपडे धुतल्यासारखे चोळायचे नाहीत. अंगाचा साबण केसांना कधीच नाही. त्याचा पीएच ९ ते १० असतो, टाळूचा साधारण ५.५ आणि केसाचा त्याहूनही कमी. क्षारधर्मी पाण्यात पापुद्रे उघडतात आणि एकमेकांत अडकतात; साबणाने धुतलेले केस चरचरीत लागतात ते त्यामुळे, स्वच्छतेमुळे नव्हे. शिकेकाई आम्लधर्मी असल्याने चांगली, पण पूड तशीच लावली तर तिचे खरबरीत कण केस घासतात. उकळून, गाळून, नुसतं पाणी वापरा.

कंडिशनर ही चैन आहे असं बऱ्याच घरांत मानलं जातं. तुटणाऱ्या केसासाठी मी शाम्पूपेक्षा त्यावर जास्त पैसे घालायला सांगेन. झिजलेल्या जागी केसावर ऋण विद्युतभार असतो आणि कंडिशनरमधले मुख्य घटक धनभारित असतात, म्हणून जिथे झीज जास्त तिथे ते जास्त चिकटतात. घर्षण कमी होतं, फणी सरकते. केस दुरुस्त होत नाही, पण उद्या तुटणारा केस तुटत नाही आणि आपल्याला तेवढंच हवं आहे. कानाच्या खालच्या लांबीला लावा, दोन मिनिटं ठेवा, धुऊन टाका. महागडाच हवा असं नाही.

आता पंचा. डोकं पुढे झुकवून ओल्या केसांवर पंचाने फटाफट झटके मारायची पद्धत आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या आहे. आवाज छान येतो आणि केस सुकतातही. तुटतातही. ती आजपासून बंद करा. पंच्यात केस दाबून पाणी टिपा, पिळू नका, चोळू नका. जाड टर्किश टॉवेलपेक्षा जुना मऊ सुती पंचा किंवा जुना टी-शर्ट बरा.

विंचरताना मोठ्या दातांची फणी घ्या आणि खालून सुरुवात करा: आधी टोकाची चार बोटं, मग त्याच्या वर, मग आणखी वर. भांगापासून एकदम खाली ओढलं तर वरचे सगळे गुंते टोकाशी जाऊन एकत्र बसतात. फणीच्या दातांवरून नख फिरवा. स्वस्त प्लॅस्टिकच्या फणीला साच्याची धारदार कड राहिलेली असते, ती प्रत्येक वेळी केस खरवडते. सरळ केस बऱ्यापैकी सुकल्यावर विंचरावेत. कुरळे केस मात्र उलटे: ते कोरडे विंचरले तर जास्त तुटतात, म्हणून कंडिशनर लावलेलं असतानाच बोटांनी आणि फणीने सोडवून घ्यावेत. झोपण्याआधी शंभर वेळा ब्रश फिरवायचा सल्ला कुणी दिला तर ऐकून सोडून द्या.

पावसाळ्यात सुकवायचं कसं? धुणं संध्याकाळी न ठेवता सुट्टीच्या सकाळी ठेवा, पंख्याखाली बसा. ऑफिसच्या दिवशी धुवावेच लागले तर हेअर ड्रायर वापरायला हरकत नाही. पाणी टिपून झाल्यावर, १५ सेंटीमीटर अंतरावरून, कमी उष्णतेवर, हात सतत हलता ठेवून. तासन् तास ओलं राहण्यापेक्षा हे बरं. मात्र ओल्या केसावर स्ट्रेटनर किंवा कर्लर कधीही नाही. आतलं पाणी उकळून वाफ होते आणि केसाच्या आत बुडबुडे तयार होतात. तसा केस मग हात लावला तरी तुटतो. चुर्र असा आवाज आला तर यंत्र लगेच बाजूला ठेवा.

मग पाण्याचं काय?

गोव्यात एकच पाणी नाही. ओपाच्या प्रकल्पाचं नळाचं पाणी वेगळं, साळावली धरणाचं वेगळं, घरच्या विहिरीचं वेगळं, किनाऱ्याजवळच्या बोअरवेलचं आणखी वेगळं, आणि मेमध्ये येणाऱ्या टँकरचं तर काय सांगावं. म्हणून शेजारणीच्या अनुभवावर जाऊ नका, स्वतःच्या घरी बघा. केटलीत किंवा गिझरच्या कॉइलवर पांढरा थर बसतो आणि साबणाला फेस येत नाही? पाणी जड आहे. बादलीला तांबूस डाग पडतात? लोह आहे, आपल्या जांभ्या दगडाच्या जमिनीत ते असणारच. जिभेला खारट लागतं? मग समुद्र आत शिरलाय.

कॅल्शियम, मॅग्नेशियम, लोह केसावर साठले की केस खरखरीत होतो, गुंतायला लागतो, आणि गुंत्यामुळे ओढला जाऊन तुटतो. पाणी एकटं केस तोडत नाही, घर्षण वाढवतं. उपाय स्वस्त आहे: सगळं डोकं नळाखाली धुवा, शेवटचे दोन तांबे आरओच्या किंवा पावसाच्या स्वच्छ पाण्याचे. पाणी फारच जड असेल तर पंधरवड्यातून एकदा, बाटलीवर ईडीटीए (हे क्षारांना धरून काढून नेतं) लिहिलेला शाम्पू. इथल्या स्वयंपाकघरात माडाचं व्हिनेगर असतंच. लिटरभर पाण्यात एक चमचा घालून शेवटी ओतलं तर केस मऊ लागतो. नुसतं, पाणी न घालता ओतू नका. त्या वासाने घरात मासे शिजतायत असं वाटेल ते वेगळंच. लिंबू आणि खाण्याचा सोडा मात्र अजिबात नको. सोडा क्षारधर्मी आहे, साबणाचं सांगितलं तेच त्याचंही.

घरभर बसवायचा महागडा सॉफ्टनर केवळ केसांसाठी घेऊ नका.

स्कूटर, समुद्र, तलाव

गोव्यात दुचाकीशिवाय चालत नाही, म्हणजे हेल्मेट आलं. केसांसाठी हेल्मेट टाळायचा विचारही नको. केस मोकळे सोडून म्हापशाहून पणजीला गेलात तर वाऱ्याने मानेशी असा गुंता होतो की तो सोडवतानाच वीसेक केस जातात. सैल, खाली घातलेली वेणी, तिचं टोक जॅकेटच्या किंवा कुर्त्याच्या आत. आतून गुळगुळीत कापडाचा, साटीन किंवा मऊ सुती रुमाल बांधा. उंच पोनीवर हेल्मेट दाबून घालायचं नाही; त्या जागी केस तुटतातच, शिवाय हेल्मेटही नीट बसत नाही. ओल्या केसांवर हेल्मेट सर्वांत वाईट. पावसात भिजून ऑफिसात पोचलात तर वेणी सोडा, टिपा, सुकू द्या.

समुद्रात जाण्याआधी केस साध्या पाण्याने भिजवून घ्या आणि थोडं खोबरेल लावा. आधीच गोडं पाणी पिऊन बसलेला केस खारं पाणी कमी शोषतो. बाहेर आल्यावर मीठ सुकू देऊ नका. मिठाचे कण सुकलेल्या केसात घासतात आणि त्यातच आपण फणी घालतो. मिरामार-कळंगुटला बहुतेक जण संध्याकाळभर तसेच फिरतात. ऊनही केसातलं प्रथिन आणि वरचे पापुद्रे झिजवतं, तेव्हा टोपी किंवा ओढणी.

तरणतलावातलं क्लोरीन रोजच्या पोहणाऱ्यांना छळतं. टोपीखाली कंडिशनर लावून पोहावं, बाहेर आल्या आल्या धुवावं. सांजांवला, म्हणजे जूनमधल्या सेंट जॉनच्या सणाला, विहिरीत मारलेली एक उडी कुणाचे केस बिघडवत नाही.

किनाऱ्यावर बारीक वेण्या आणि मणी घालून देतात ते हौसेला ठीक. पण आठवडेच्या आठवडे ठेवू नका, आणि कपाळाकडे ओढ लागून दुखत असेल तर त्याच दिवशी सोडा. दुखणं ही मुळावर ताण असल्याची खूण आहे.

बांधणं आणि माळणं

नोटांच्या बंडलाचं पिवळं रबर केसाला लावायचं नाही. कापडी गुंडाळलेलं घ्या, दोन वेढ्यांवर थांबा, आणि रोज उंची बदला: आज वेणी, उद्या खाली अंबाडा, परवा क्लचर. धातूचा जोड असलेलं रबर फेकून द्या. शाळेत जाणाऱ्या मुलींच्या रिबनीच्या दोन घट्ट वेण्या आया फार अभिमानाने घालतात. मुलीचे डोळे ताणलेले दिसत असतील तर सैल करा.

अबोलीची फाती (गजरा) किंवा म्हार्दोळची जायी (जाई) माळायची तर एकाच जागी पिनांवर पिना खोचू नका. ज्या बायका रोज फाती माळतात त्यांच्या अंबाड्याच्या वरच्या बाजूला आखूड केसांचा झुबका मी हमखास बघते. पिनेच्या टोकावरचं प्लॅस्टिकचं बोंड निघालं असेल तर ती पीन कचऱ्यात. फुलं काढताना दोरा ओढू नका, आधी पिना काढा.

पार्लरात काय विचारायचं

माझ्याच धंद्याबद्दल बोलते, तेव्हा स्पष्ट बोलते. रिबॉण्डिंगमध्ये थायोग्लायकोलेटसारख्या रसायनाने केसातले सल्फरचे बंध, म्हणजे त्याची खरी ताकद, मुद्दाम तोडले जातात आणि केस सरळ करून ते पुन्हा जोडले जातात. सगळे जोडले जात नाहीत. ब्लीच आणि अमोनियाचा रंग केसावरचा नैसर्गिक स्निग्ध थर काढून टाकतात, तो त्या केसावर परत तयार होत नाही. म्हणून नियम एवढाच: एका केसावर एकच मोठी प्रक्रिया. रिबॉण्डिंग झालेल्या केसावर ब्लीच करून देतो म्हणणाऱ्या पार्लरातून उठून या. दुसऱ्यांदा करायचं तर फक्त मुळाकडच्या नव्या वाढीवर, जुन्याला हात न लावता. आधी मागच्या एका बटेवर करून बघायला सांगा, आणि बट ओली करून हलकेच ओढा. रबरासारखी ताणली जाऊन परत आली नाही तर तो बेत रद्द.

केराटिन ट्रीटमेंट नावाखाली जे करतात त्यात केराटिनपेक्षा महत्त्वाचं असतं ते दुसरंच. काहींत फॉर्मल्डिहाइड सोडणारी द्रव्यं असतात, डोळे चुरचुरतात ते त्यामुळे. "फॉर्मल्डिहाइड नाही" म्हणून विकल्या जाणाऱ्या काहींत ग्लायऑक्सिलिक आम्ल असतं, आणि ते वापरल्यानंतर मूत्रपिंडाला इजा झाल्याच्या नोंदी वैद्यकीय नियतकालिकांत आल्या आहेत. बाटली बघायला मागा. दाखवत नसतील तर करून घेऊ नका.

साधी मेंदी चालते. "काळी मेंदी" मात्र मेंदी नसते, त्यात बहुधा पीपीडी हा रासायनिक रंग असतो.

फाटलेलं टोक चिकटवणारं सीरम नाही; चकचकीत दिसतं, धुतलं की उतरतं. फाटलेल्या जागेच्या अर्धा बोट वर कापायचं, नाहीतर चीर वर चढत जाते. नखाने ओढून वेगळं करायची सवय असेल तर ती चीर तुम्हीच वर नेताय. अंड्याचा लेप आवडत असेल तर लावा, पण त्यातल्या प्रथिनाचे रेणू केसात शिरायला फारच मोठे आहेत. ते अंडं खाल्लेलं बरं.

डॉक्टरांकडे कधी

आजपासून सगळं बदललं तरी आधीच झिजलेला भाग काही महिने तुटत राहील. वाढीचा वेग आठवा: सहा महिन्यांत फार तर सहा-सात सेंटीमीटर चांगला केस हातात येतो. तोवर कागदावरचे तुकडे महिन्याला एकदा बघा, कमी होत असतील तर योग्य चाललंय.

काही बाबतींत मात्र थांबू नका. लहान मुलाच्या डोक्यावर चकता पडून केस टाळूपाशीच तुटलेले, काळे ठिपके दिसत असतील तर बुरशीचा संसर्ग असू शकतो. त्याला पोटात घ्यायचं औषध लागतं, नुसत्या मलमाने जात नाही. केस जन्मापासूनच वाढत नसतील, लहानपणापासून तुटत असतील, तर ते जन्मजात असू शकतं. केस रुक्ष होऊन तुटण्याबरोबर थकवा, वजन वाढणं, थंडी वाजणं असेल तर थायरॉइड तपासा. पाळीत रक्तस्राव जास्त असेल तर लोह तपासा. बायोटिनच्या गोळ्या स्वतःच्या मनाने घेत असाल तर रक्त तपासण्याआधी डॉक्टरांना सांगा, कारण जास्त बायोटिनमुळे थायरॉइडच्या चाचणीचे आकडे चुकीचे येऊ शकतात. कमतरता नसताना त्या गोळ्यांचा केसाला फायदाही दिसत नाही.

बांबोळीच्या गोवा वैद्यकीय महाविद्यालयात त्वचारोग विभाग आहे. जाताना त्या दिवशी तेल, जेल, रंग काही लावू नका. तुटलेले पाच-सहा केस कागदात घडी घालून न्या, कारण ते सूक्ष्मदर्शकाखाली बघता येतात. डोक्याला वर्षभरात काय काय लावलं त्याची यादी मोबाइलमध्ये लिहून ठेवा, रिबॉण्डिंग आणि रंगाच्या महिन्यांसकट. आणि नवऱ्याने "पाण्यामुळे आहे" असं मध्येच सांगू नये, म्हणून त्याला बाहेरच्या बाकावर बसवा.